एलेनी मॅडमच्या चौदा भूमिका

जुलै लागला की इथे आखातात आमच्या इमारतीची पार्किंग अर्धी रिकामी होते. शाळांना सुट्ट्या लागतात, बायका-मुलं गावाला जातात आणि पुरुष मंडळी दोन महिने डाळ-भात, अंडी आणि हॉटेलचे डबे यांवर काढतात. यंदाही सुनंदा आणि मुलगी पुण्याला गेल्या. फोनवर मुलीला विचारलं, "काय करतेस गं?" तर म्हणाली, "नथिंग बाबा, इट्स बोरिंग हिअर." मी मराठीत विचारायचं आणि तिने इंग्रजीत उत्तर द्यायचं, हे आमच्या घरात आता ठरूनच गेलं आहे.

ऑफिसात याच दिवसांत माझ्या टेबलावर बायोडेटांचा गठ्ठा येतो. मी अल क्वोजमधल्या एका गोदामाच्या ऑफिसात ॲडमिनचं काम पाहतो. उन्हाळ्यात दोन-तीन स्टोअरकीपर सोडून जातात, त्यांच्या जागा भरायच्या असतात. प्रत्येक कागदावर माणूस मेहनती असतो, प्रामाणिक असतो, त्याला संगणकाचं उत्तम ज्ञान असतं, आणि छंद म्हणून वाचन व प्रवास असतो. छंदांची ओळ आली की माझा हात थांबतो. मला फुजैरातला एक उन्हाळा आठवतो आणि माझ्या हातून झालेली एक चूक आठवते.

त्याला आता आठेक वर्षं झाली. मी नुकताच आखातात आलो होतो. फुजैरा म्हणजे पलीकडच्या किनाऱ्यावरचं बंदर. मागे काळेभोर उघडे डोंगर, पुढे समुद्र आणि समुद्रात नांगर टाकून उभ्या असलेल्या जहाजांची रांग. त्या जहाजांना इंधन पुरवणाऱ्या एका छोट्या कंपनीत मी कारकून होतो. ऑफिस सकाळी आठ ते एक आणि पुन्हा चार ते सात. मधले तीन तास बाहेर कोणी दिसत नसे. दमट हवेने चष्म्याची काच धुरकट व्हायची. गच्चीवरच्या टाकीतलं पाणी इतकं तापायचं की दुपारी नळाखाली हात धरवत नसे. पहाटे भरून ठेवलेल्या बादलीतच अंघोळ करायची. माझा पगार कुटुंब आणण्याइतका नव्हता. वसईचा रॉबर्ट डिमेलो आणि मी एका खोलीत राहत होतो. तो ऑफिसात डॉक्युमेंट्स पाहायचा आणि दिवसभर कोणाची ना कोणाची फिरकी घ्यायचा.

आमचे साहेब कॅप्टन स्टाव्ह्रोस ग्रीक होते. तीस वर्षं जहाजावर काढून मग बंदरात स्थिरावलेले. त्यांचा बहुतेक वेळ बोटीवर जायचा. एका दुपारी जाता जाता मला म्हणाले, "दत्ता, माझ्या बायकोला कोणीतरी इंग्रजीत लिहून देणारा हवाय. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू आहे. दुपारच्या सुट्टीत जाशील? काम फालतू आहे, पण ती ऐकत नाही."

त्यांचं घर समुद्राकडच्या रस्त्यावर होतं. एलेनी मॅडमनी दार उघडलं. साठीच्या पुढच्या, ताठ, केस मागे घट्ट बांधलेले. त्यांनी मला आधी थंड पाणी दिलं, मग एक पत्र पुढे ठेवलं. पत्र ग्रीकमध्ये होतं. मला त्यातली चार अक्षरं ओळखू आली. अल्फा, बीटा, थीटा, पाय. दहावीच्या गणितातली ही अक्षरं कोणाच्या रोजच्या भाषेत अशी एकमेकांना लागून बसतात हे मी पहिल्यांदाच पाहत होतो. करमाळ्याच्या शाळेत आम्हाला ती फक्त कोन आणि वर्तुळ यांच्यापुरती माहीत होती.

मॅडमनी कॅप्टनसाहेबांकडून वाचून घेतलेल्या त्या पत्राचा अर्थ सांगितला. अथेन्समध्ये जुन्या ग्रीक सिनेमातल्या सगळ्या नटनट्यांची नोंद करणारा एक जाडजूड ग्रंथ तयार होत होता. पन्नासच्या दशकात मॅडमनी आठ वर्षं सिनेमात कामं केली होती. लग्न झालं आणि ते संपलं. ग्रंथाच्या संपादकाने आपल्या सगळ्या भूमिकांची यादी पाठवा म्हणून कळवलं होतं. कामात एक इंग्लिश विद्यापीठही होतं, म्हणून यादी इंग्रजीत हवी होती. ज्या सिनेमांची रिळं खराब झाली किंवा हरवली, त्यांच्याबाबत कलाकाराच्या आठवणीवरच विश्वास ठेवू, असंही त्याने लिहिलं होतं. मुदत जुलैअखेरची.

"कॅप्टनसाहेब का लिहून देत नाहीत?" मी विचारलं.

"तो दोन ओळींत संपवेल," मॅडम म्हणाल्या. "पहिल्या ओळीत माझं नाव असेल आणि दुसरीत त्याचं."

पुढचे आठ-दहा दिवस मी दुपारी तिथे जात होतो. पडदे ओढलेले असायचे, एसी घरघरत असायचा, टेबलावर अर्धवट पिकलेल्या खजुरांची वाटी. मॅडम डोळे मिटून सांगायच्या आणि मी वहीत उतरवून घ्यायचो. मला वाटलं होतं, नायिकेच्या गोष्टी ऐकायला मिळतील. तशा काही नव्हत्या. मॅडम एका सिनेमात मोलकरीण होत्या. दार उघडायचं आणि "मालक घरी नाहीत" एवढंच म्हणायचं. दुसऱ्यात इस्पितळात नायिकेच्या शेजारच्या खाटेवरची रोगी; दोन दिवस नुसतं पडून राहायचं, हलायचं नाही. एकात धक्क्यावर उभं राहून जहाजाला रुमाल हलवायचा. "आणि मग जहाजवाल्याशीच लग्न केलं," असं म्हणून त्या हसल्या. एकाच सिनेमात त्यांचं नाव पडद्यावर आलं होतं. त्यात त्या लग्न न झालेली मोठी बहीण होत्या. अकरा वाक्यं. ती अकराही त्यांनी मला ग्रीकमध्ये म्हणून दाखवली. शेवटच्या वाक्याला आवाज इतका खाली गेला की मी वहीतून मान वर केली. अर्थ मी विचारला नाही.

बाकीच्या काहींना तर भूमिका म्हणावं की नाही, असं मला वाटायचं. खिडकीत पाठमोरी बाई. गर्दी. एका सिनेमात तर नुसता हात. नायिका पत्र लिहिते त्या दृश्यात जवळून दिसणारा हात मॅडमचा होता, कारण नायिकेला नखं कुरतडायची सवय होती. अशा सगळ्या मिळून चौदा.

मी खोलीवर येऊन वही पाहिली आणि मला वाईट वाटलं. इतकं मोठं पुस्तक निघणार, त्यात या बाईंबद्दल काय येणार? दार उघडलं, रुमाल हलवला!

इथे मला देशमाने सरांबद्दल सांगायला हवं. माझे वडील गवंडी. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. बी.कॉम. झालो तेव्हा अर्ज कसा करतात हेही मला माहीत नव्हतं. देशमाने सरांनी मला घरी बसवून माझा पहिला बायोडेटा स्वतः लिहिला. मी सुट्टीत कापडाच्या दुकानात ताग्यांच्या घड्या घालायचो. सरांनी लिहिलं, "विक्री विभागाचा तीन वर्षांचा अनुभव." मी घाबरून म्हटलं, "सर, हे खोटं होईल." सर म्हणाले, "दत्ता, तुझ्याबद्दल चांगलं लिहायला दुसरं कोण येणार आहे? लिही." त्या कागदावर मला मुंबईत नोकरी लागली आणि त्याच्याच सुधारलेल्या प्रतीवर मी आखातात आलो. सरांचे उपकार मी विसरलेलो नाही. माझ्यासाठी ते कागदाचं पान म्हणजे कोणीतरी पाठीवर ठेवलेला हात होता. मॅडमसाठी मीही तेच करायचं ठरवलं.

ऑफिसच्या संगणकावर मी यादी टाइप केली. मोलकरणीची "महत्त्वाची सहायक भूमिका" झाली. रोगी बाई "कथेला कलाटणी देणारी व्यक्तिरेखा" झाली. मोठी बहीण मी नायिकेच्या बरोबरीला नेऊन बसवली. हात, पाठ आणि गर्दी या तिन्ही नोंदी काढून टाकल्या. त्या लिहिल्याने बाकीच्यांचं वजन कमी होतं असं मला वाटलं. वर मॅडमचं पूर्ण नाव, वडिलांचं नाव, जन्मतारीख, वैवाहिक स्थिती. मग छंद: वाचन आणि प्रवास. सर्वांत शेवटी, "वरील सर्व माहिती माझ्या समजुतीप्रमाणे खरी आहे." आपल्याकडे याशिवाय बायोडेटा पुरा होत नाही.

डिमेलोने मागून वाकून वाचलं. "अरे गायकवाड, बाईला नोकरीला लावतोस काय? लायसन्स आहे की नाही तेपण टाक ना."

"तू गप रे. मोठ्या पुस्तकात जाणार आहे."

"मग टाकच. पुस्तक वाचून कोणी अँबॅसेडर केली तर गाडी लागेल."

मॅडमना वाचता येत नव्हतं आणि मी त्यांना वाचून दाखवलं नाही. "पाठवलंस ना?" त्यांनी विचारलं. "पाठवलं, मॅडम. फार छान झालंय," मी म्हणालो. त्या दिवशी त्यांनी मला खजुरांची एक पिशवी भरून दिली. सुनंदाला पत्र लिहिताना मी मोठ्या अभिमानाने कळवलं की एका युरोपियन नटीचा इतिहास माझ्या हातून लिहिला गेला.

ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ऑफिसच्या फॅक्सवर उत्तर आलं. कॅप्टनसाहेब मशीनपाशीच उभे होते. त्यांनी कागद मशीनमधून फाडून घेतला, वाचला, पुन्हा वाचला आणि माझ्याकडे वळले.

"माझी बायको नायिका होती हे मला कोणी सांगितलं नाही."

मी उभा राहिलो. डिमेलोने मान फायलीत घातली.

"हा माणूस म्हणतो, काही रिळं त्याच्याकडे आहेत. त्याने लावून पाहिली. बाई दार उघडते आणि दिसेनाशी होते. यादीत लिहिलंय महत्त्वाची भूमिका." कॅप्टननी कागदावर बोट आपटलं. "तो म्हणतो, या यादीवर विश्वास ठेवता येत नाही. जे आमच्या डोळ्यांनी दिसेल तेवढंच छापू. आणि तो विचारतोय, बाईंचे छंद आम्हाला कशासाठी कळवलेत?"

"सर, सॉरी. माझ्याकडून..."

"मला सॉरी म्हणू नकोस. माझं काहीच गेलेलं नाही." त्यांनी कागद माझ्या हातात दिला. "यल्ला, जा. तिला तूच सांग."

एक वाजेपर्यंतचे ते दोन तास मी काय काम केलं ते आठवत नाही. नोकरी जाईल ही भीती होतीच, नाही असं म्हणणं खोटं होईल. पण चालत मॅडमच्या घरी जाताना दुसरीच गोष्ट डोक्यात होती. ज्या सिनेमांची रिळं उरलीच नव्हती, त्यांच्याबाबत तो संपादक मॅडमच्या शब्दावर विसंबणार होता. तो शब्द मी खर्च करून टाकला होता.

मॅडमनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "तू काय लिहिलंस ते वाच. एकेक ओळ."

मी वाचलं. छंद आले तेव्हा त्यांच्या ओठांचा कोपरा हलला. "प्रवास!" त्या म्हणाल्या. "माझा नवरा प्रवास करत होता. मी वाट पाहत होते." पुढे मी वाचत गेलो, अकरा नोंदी संपल्या.

"हात कुठे आहे?"

"तो मी काढला, मॅडम."

"का?"

"नुसता हात होता. लहान वाटला."

एसीतून पाणी टपकत होतं त्याखाली ठेवलेला डबा भरत आला होता. त्या उठल्या, चाचपडत तो डबा उचलून कुंडीत ओतला, परत ठेवला आणि मगच बसल्या.

"त्या पत्राचं दृश्य सकाळपासून संध्याकाळपर्यंत चाललं," त्या म्हणाल्या. "पडद्यावर एकच ओळ दिसते. पण मी प्रत्येक वेळी पूर्ण पत्र लिहिलं, कारण अर्धं लिहिणारा हात वेगळा दिसतो. बाकी सगळ्या सिनेमांत माझ्यापुढे कोणीतरी उभं होतं. त्या एका शॉटमध्ये कोणी नव्हतं. आणि तू तोच काढलास."

"मॅडम, मला तुमचं चांगलं व्हावं..."

"माहीत आहे. पण ऐक, दत्ता. लहान कामाची मला कधी लाज वाटली नाही. माझ्या वतीने तू लाजलास."

आखातात येताना जो फॉर्म भरला त्यात वडिलांच्या व्यवसायापुढे मी "कॉन्ट्रॅक्टर" लिहिलं होतं. वडील उन्हात बांबूंच्या पहाडावर उभे राहून विटा रचायचे आणि त्यांनी बांधलेली भिंत ओळंब्याला केसभर चुकत नसे. त्यांना मी कधी विचारलंही नव्हतं की फॉर्मवर काय लिहू. देशमाने सरांबद्दलची कृतज्ञता त्या दुपारी कमी झाली नाही, आजही झालेली नाही. माझी वाट त्यांनी उघडली. पण त्यांनी माझ्या गरजेपुरतं जे केलं ते मी सवय म्हणून पुढे चालवत होतो, हे मला तिथे खुर्चीत बसल्यावर कळलं.

"वही काढ," मॅडम म्हणाल्या.

आम्ही पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. या वेळी प्रत्येक ओळ लिहिली की मी मोठ्याने वाचायचो आणि त्या "हो" म्हणाल्या की पुढची. मोलकरीण, एक वाक्य. रोगी, संवाद नाही. हाताच्या नोंदीपाशी त्या थांबल्या. उजव्या हाताचा अंगठा आणि बोट यांच्यामध्ये एक पांढरट डाग त्यांनी मला दाखवला. नायिकेचा झगा इस्त्री करताना भाजलेलं. कामं कमी असली की त्या स्टुडिओत कपड्यांच्या खोलीतही राबायच्या. "हे लिही. रीळ असेल तर डाग दिसेल." मी लिहिलं. शेवटी त्या म्हणाल्या, "खाली आता काय लिहायचं असतं तुमच्याकडे?"

"काही नाही, मॅडम. खलास."

चार वाजता मी फॅक्स लावला. कॅप्टननी पाहिलं आणि ते आपल्या खोलीत गेले. डिमेलो म्हणाला, "आता एवढंसंच?" मी म्हटलं, "एवढंच आहे." त्याने फॅक्सचा कागद घेऊन फायलीत लावला.

संपादकाचं उत्तर थोडक्यात होतं. दुरुस्त यादी मिळाली. रिळांशी ताडून पाहू. ज्यांची रिळं नाहीत त्या भूमिका आता घेता येणार नाहीत.

ऑगस्ट तसाच घामात गेला. सप्टेंबरात शाळा उघडल्या, बंदरातल्या कुटुंबवाल्यांची मुलं परत आली. मला काही वेगळं वाटत होतं म्हणावं तर तसंही नाही. काम होतं, जहाजं येत होती. फक्त वडिलांना पत्र लिहिताना मी पहिल्यांदा खरं लिहिलं, की मी इथे अधिकारी नाही, कारकून आहे. वडिलांनी शेजारच्या मुलाकडून उत्तर लिहवून घेतलं. त्यात त्याचा उल्लेखच नव्हता. जेवण नीट मिळतं का एवढं विचारलं होतं.

मॅडमचं डोळ्याचं ऑपरेशन थंडीत झालं आणि त्यानंतर थोड्या दिवसांनी पुस्तक आलं. कॅप्टननी मला दुपारी घरी बोलावलं. पुस्तक टेबलावर होतं, विटेएवढं जाड. मॅडमनी नवा चष्मा लावला होता, पण पान कॅप्टननी उघडलं होतं आणि तेच ग्रीकमध्ये वाचून मला इंग्रजीत सांगत होते. नोंद नऊ ओळींची होती. एका भूमिकेला एक ओळ. मोलकरीण होती, रोगी होती, बहीण होती. हातही होता, कंसात डागाचा उल्लेख होता.

"हात," कॅप्टन म्हणाले. "चाळीस वर्षं मी एका हाताशी संसार केला." मग त्यांनी पुस्तक जरा बाजूला केलं. "ही इस्पितळातली. दोन दिवस पडून होतीस? मला कधी बोलली नाहीस."

"तू कधी विचारलंस?" मॅडम म्हणाल्या.

कॅप्टन चष्मा पुसत उठले आणि कॉफी करायला आत गेले. कॉफी ते कधी स्वतः करत नसत, हे मला त्या घरच्या इतक्या फेऱ्यांमुळे माहीत होतं.

मॅडमनी पुस्तक माझ्याकडे सरकवलं. "नऊ आहेत. पाच राहिल्या."

"माझ्यामुळे, मॅडम."

"हो, तुझ्यामुळे." त्यांनी ते मऊ करून सांगितलं नाही. पेन माझ्यासमोर ठेवलं. "समासात जागा आहे. लिही."

"इथे? इंग्रजीत?"

"इंग्रजीत तू फार चांगलं लिहितोस. तुझ्या भाषेत लिही. तुझ्या आईला समजेल असं."

एवढ्या महाग पुस्तकात पेन टेकवायला माझा हात धजेना. पण त्या वाट पाहत होत्या. मी समासात बारीक अक्षरांत एकाखाली एक लिहायला लागलो. थीटा आणि पाय यांच्या शेजारी देवनागरी अक्षरं विचित्र दिसत होती, पण सरळ ओळीत येत होती. लग्नात साखरेत घोळवलेल्या बदामांची परात धरणारी मुलगी. शाळेच्या शिपायाची बायको, दोन वाक्यं. चर्चमधली जोगीण, संवाद नाही. खिडकीत पाठमोरी बाई. पाचवी लिहून झाली तेव्हा त्या म्हणाल्या, "वाच."

मी मराठीत वाचलं, "बसमध्ये उभी असलेली बाई. कडेवर मूल. मूल रडतं. संवाद नाही." मग इंग्रजीत अर्थ सांगितला.

त्यांनी डोळे मिटले आणि जागेवर बसूनच कंबरेतून किंचित वाकून पाहिलं, जणू वजन कोणत्या बाजूला होतं ते आठवत होत्या.

"डाव्या कडेवर," त्या म्हणाल्या.

मी "कडेवर"च्या आधी जागा करून "डाव्या" लिहिलं.